गाळ्याचा कागद कपाटातून काढा

सेलू घ्या, पाथरी घ्या, गंगाखेड नाहीतर जिंतूर घ्या. गावात नगरपालिकेचे गाळे असतात आणि त्या गाळ्यांवर कितीतरी घरं चालतात. कुठे बांगड्यांचं दुकान, कुठे किराणा, कुठे शिलाईची दोन मशिन्स. सकाळी शटर वर गेलं की संध्याकाळी घरात भाजी येते. पण या गाळ्याचा करार घरातल्या बाईने कधी हातात घेऊन वाचलाय का? तो असतो कपाटात, नाहीतर सासऱ्यांच्या ट्रंकेत. मग एक दिवस शटरवर नोटीस लागते. ‘मुदत संपली, गाळा रिकामा करा.’ तेव्हा कुठे कळतं, की मुदत संपून दहा वर्षं उलटली!

मैत्रिणींनो, नगरपालिकेचा गाळा म्हणजे खासगी मालकाचं दुकान नव्हे. १९६५ च्या नगरपरिषद कायद्यात मुळात नगरपालिकेला स्वतःच्या अधिकारात तीन वर्षांपर्यंतच भाडेपट्टा देण्याची मुभा आहे. वरिष्ठांच्या परवानगीने तो वाढवता येतो, पण एकूण सात वर्षांपर्यंत. शिवाय १९९९ चा भाडे नियंत्रण कायदा स्थानिक संस्थांच्या जागांना लागू नाही. ‘तीस वर्षं बसलोय, आता कोण उठवतंय’ हा भरवसा म्हणूनच कच्चा आहे.

मग इतकी वर्षं चालतं कसं? दोन्हीकडच्या गप्प बसण्याने. भाडं जुनंच राहतं, म्हणून गाळेधारक बोलत नाही. पालिकाही मिळेल ते भाडं घेत राहते. व्यापाऱ्यांना दुखवायला कुणाला आवडतं? वर्षं साचतात आणि एक दिवस सगळा हिशेब एकदम पुढ्यात येतो.

जळगावने हे भोगलंय. तिथे महापालिकेच्या व्यापारी संकुलांतल्या शेकडो गाळ्यांची मुदत २०१२ मध्ये संपली. पुढे कलम ८१ ब च्या नोटिसा, पाचपट दंडाची मागणी, मोर्चे, बंद असं सगळं झालं. प्रकरण उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठापर्यंत गेलं. त्यात २०१९ च्या शासन नियमांनी महापालिकांच्या जागांचं भाडं बाजारमूल्याच्या आठ टक्क्यांपेक्षा कमी नको, असं ठरवलं. राज्यभर ओरड झाली आणि २०२३ मध्ये सरकारला दर उतरवावे लागले. परभणी शहरातही २०११ पासून महापालिका आहे, म्हणजे हे नियम आपल्यासाठी परके नाहीत.

यात बाईचं काय? करार नवऱ्याच्या नावावर. तो गेला की दुकान ती चालवते, भाडंही तीच भरते, पण पावती फाटते मयताच्या नावाने. ना वारस नोंद, ना नवा करार. नोटीस आली की दाद मागायला तिच्या हातात तिच्या नावाचा एक कागदही नसतो.

पण नाण्याची दुसरी बाजूही बघू या. ज्याने गाळा कवडीमोल भाड्याने घेऊन तो परस्पर दुसऱ्याला चढ्या भाड्याने दिला, किल्लीचे लाखभर रुपये मोजून घेतले, त्याच्यासाठी गळा काढायचं कारण नाही. तो पैसा गावाचा आहे. आपल्या नळाचा, दिव्याचा, बाजारातल्या स्वच्छतागृहाचा आहे. पापड-लोणची घेऊन रस्त्याच्या कडेला उन्हात बसणाऱ्या बचत गटाच्या बायकांना एखादा गाळा मिळावा, असं कुणालाच का वाटत नाही?

म्हणून पालिकेने मुदत संपण्याआधी वर्षभर लेखी कळवावं. भाडं थोडं थोडं, ठरावीक काळाने वाढवावं, एकदम डोक्यावर आदळू नये. स्वतः दुकान चालवणारी विधवा आणि पोटभाडं खाणारा, यांना एकाच काठीने हाकू नये. फेरलिलावात काही गाळे महिलांसाठी आणि गटांसाठी ठेवावेत. २०११ पासून सभागृहात निम्म्या जागा महिलांच्या आहेत. हा विषय त्यांनीच लावून धरावा.

आणि आपण काय करायचं? या आठवड्यात तो कागद काढा. मुदत कधी संपते, नाव कुणाचं, अनामत किती, ते वहीत लिहा. भाडं पावतीशिवाय भरू नका. नाव बदलायचं असेल तर अर्ज करून पोच घ्या. कार्यालयात दाद लागत नसेल तर दहा रुपयांचं तिकीट लावून माहिती अधिकारात विचारा, तीस दिवसांत उत्तर द्यावं लागतं. नोटीस आलीच तर ती फाडून फेकू नका. मुदतीत लेखी उत्तर द्या आणि वकिलाला दाखवा.

तहान लागल्यावर विहीर खणायची आपली सवय जुनी आहे. गाळ्याच्या बाबतीत तरी ती सोडू या, कारण शटरला सील लागलं की पहिला प्रश्न चुलीपुढच्या बाईलाच पडतो.