पाहुणचार पहिल्या मुक्कामालाच हवा

लांबच्या पायी वाटेवर सर्वांत अवघड जातात ते पहिले दोन-तीन दिवस. पाय सरावलेले नसतात, टाचांना फोड येतात, पाठीवरचं ओझं जास्त झालं हेही तेव्हाच कळतं. आपल्याकडची सोय मात्र बहुधा वाटेच्या शेवटी एकवटलेली असते. गणेशपुरीला पोचलेल्या भाविकाला गरम पाण्याची कुंडं आहेत, मुक्कामाला जागा आहे. मुलांना जेवू घालणाऱ्या भगवान नित्यानंदांच्या बालभोजनाची परंपराही तिथलीच. नित्यानंदांनी ८ ऑगस्ट १९६१ रोजी देह ठेवला. त्यामुळे पुण्यतिथी काय किंवा गुरुपौर्णिमा काय, दोन्ही ऐन पावसाळ्यात येतात. अशा दिवसांत भिवंडीकडून पायी निघालेल्याला गोदामांच्या अवजड ट्रकांशेजारून, चिखलातून वाट काढावी लागते. त्याला आधार हवा तो तिथे.

पंढरीच्या वारीने हे फार पूर्वी ओळखलं. आळंदीहून निघालेली माउलींची पालखी पुण्यात दोन रात्री थांबते, मग दिवे घाट चढून सासवडला जाते आणि तिथेही दोन रात्री विसावते. पुण्यात कुणी वारकऱ्यांचे पाय चेपून देतं, कुणी तुटलेली चप्पल शिवून देतं, डॉक्टर औषधं देतात. शरीर चालण्याला रुळेपर्यंत त्याला जपायचं, हे शहाणपण या सगळ्यामागे आहे.

यावर कुणी म्हणेल, पायी जायचं ते कष्टासाठीच. सोयी वाढल्या तर त्यात तप ते काय उरलं? पण पुण्यात पोटभर जेवलेल्या वारकऱ्यालाही पुढे पंढरपूरपर्यंत स्वतःच्याच पायांनी जायचं असतं. फोडावर पट्टी बांधल्याने श्रद्धा उणी होत नाही. दुसरा आक्षेप असा, की आखून केलेल्या पाहुणचारात अवचित मिळालेल्या घासाची गोडी नसते. पण पहिल्यांदा चालणाऱ्याला जो घास अवचित वाटतो, त्यामागे देणाऱ्या गावाची कित्येक दिवसांची तयारी असते. कोणत्या दिंडीचं जेवण कुणाकडे, हे अनेक ठिकाणी पिढ्यान्‌पिढ्या ठरलेलं आहे. त्याने गोडी कमी झालेली नाही.

म्हणून भिवंडी ते गणेशपुरी वाटेवरच्या ग्रामपंचायतींना आणि मंडळांना विनंती आहे: पिण्याचं पाणी, स्वच्छतागृह आणि प्रथमोपचार यांची सोय देवळाच्या दाराशी करण्याआधी भिवंडी सोडल्यावरच्या पहिल्या काही मैलांवर करा.