संमोहन आणि संमती

संमोहनाच्या जाहीर प्रयोगांत एक दृश्य ठरलेले असते. प्रयोगकर्ता हुकूम सोडतो, समोरचा तरुण कांदा सफरचंद समजून चावतो आणि सभागृह हसते. हे हसू निरुपद्रवी नव्हे. 'एका माणसाची इच्छाशक्ती दुसऱ्याच्या मुठीत जाऊ शकते' हा समज त्यातून दृढ होतो, आणि याच समजावर बुवाबाजी पोसली जाते.

वस्तुतः ही समजूत १७८४ सालीच निकालात निघाली होती. फ्रँकलिन व लाव्हाझिए ज्यात होते, त्या फ्रेंच राजनियुक्त समितीने मेस्मरचे 'चुंबकत्व' तपासले. परिणाम घडतो, पण तो कल्पनेचा, असा निर्वाळा तिने दिला. पुढे जेम्स ब्रेड याने १८४३ च्या आपल्या ग्रंथात चुंबकत्व नाकारून या अवस्थेचे कारण रुग्णाच्याच एकाग्रतेत शोधले. म्हणजे सामर्थ्य रुग्णाचे; संमोहक केवळ वाटाड्या.

तरीही सत्तेचा प्रश्न उरतोच. १८४५ साली हुगळी येथे कंपनी सरकारचा शल्यवैद्य जेम्स एस्डेल याने मेस्मरच्या पद्धतीचा पहिला प्रयोग केला तो एका कैद्यावर. पुढे त्याने रुग्णांना असेच गुंगवून मोठमोठ्या गाठी कापल्या. तासन्‌तास हात फिरवण्याचे कष्ट बहुधा देशी मदतनिसांनी उपसले. नाव एस्डेलचे झाले. ईथर, क्लोरोफॉर्म हाताशी नसताना वेदना कमी करणे हे मोठेच काम होते. परंतु कैद्याला 'नको' म्हणण्याची मोकळीक कितीशी होती?

रंगमंचावर येणारे स्वखुशीने येतात, असा युक्तिवाद केला जातो. पण शेकडो प्रेक्षकांच्या नजरेखाली दिलेला होकार परत घेणे सोपे नसते. ब्रिटनने १९५२ च्या कायद्याने जाहीर प्रयोगांवर नियंत्रण आणले. अठरा वर्षांखालील व्यक्तींवर ते करण्यास आज तेथे मनाई आहे.

उपचारांची कसोटी याहून कडक हवी. वेदना व चिंता यांवर पूरक उपाय म्हणून संमोहनाला स्थान आहे. मात्र 'पूर्वजन्म' दाखवणे किंवा 'दडलेल्या आठवणी' उकरणे हा उपचार नव्हे. सूचनेतून खोट्या आठवणी रुजतात आणि निरपराध माणसे आरोपी ठरतात.

म्हणून मागणी स्पष्ट असावी : उपचार प्रशिक्षित वैद्यक व मानसशास्त्रज्ञांकडूनच व्हावेत, रुग्णाला आधी सारे समजावून सांगावे, आणि ही सोय सार्वजनिक रुग्णालयांत गरिबालाही मिळावी. कार्यकर्त्यांनी प्रयोगांमागील विज्ञान गावोगाव उलगडून दाखवावे. मात्र तसे करताना फसलेल्या माणसाची टवाळी करू नये. स्वतःच्या मनावर स्वतःचाच अधिकार असणे, हाही समतेच्या लढ्याचाच भाग आहे.