हथनोऱ्याची कवटी

‘माणूस माकडापासून झाला, हे खरे का?’ हा प्रश्न मुले घराघरांतून विचारतात आणि बहुधा ‘आधी अभ्यास कर’ एवढ्या उत्तरावर त्यांची बोळवण होते. प्रश्न मात्र बोळवण करण्याजोगा नाही. आजच्या चिंपांझीपासून मनुष्य जन्मला, असे शास्त्र म्हणत नाही. त्याचे आणि आपले पूर्वज सुमारे ६० ते ७० लक्ष वर्षांपूर्वी एकच होते. पुढे दोन घराणी वेगळी झाली, एवढेच त्याचे म्हणणे आहे.

याचा एक पुरावा गोविंदपुऱ्यातील वाचकांना फार दूरचा नाही. सीहोर जिल्ह्यात नर्मदेच्या उत्तर तीरावर हथनोरा नावाचे खेडे आहे. तेथे ५ डिसेंबर १९८२ रोजी भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचे अरुण सोनकिया यांना वाळू-गोट्यांच्या घट्ट थरात एका प्राचीन मानवाच्या कवटीचा वरचा भाग सापडला. मेंदू मातीत टिकत नाही. परंतु कवटी ही त्याची पेटी होय. पेटीच्या पोकळीवरून आतल्या ऐवजाचे माप काढता येते. या कवटीतील मेंदूचे आकारमान ११५५ ते १४२१ घन सेंटीमीटरच्या दरम्यान असावे, असा तज्ज्ञांचा अंदाज आहे. तिचे नेमके वय कोणते आणि तिला मानवाच्या कोणत्या जातीत बसवावे, याविषयी अद्याप एकमत नाही.

या आकड्याचा अर्थ कळण्यासाठी इतर मापे पाहावीत. चिंपांझीचा मेंदू सुमारे ४०० घन सेंटीमीटरचा, तर आजच्या माणसाचा सरासरी १३५० चा. इथियोपियात १९७४ साली सापडलेली ‘ल्यूसी’ सुमारे ३२ लक्ष वर्षांपूर्वीची. ती दोन पायांवर चालत असे, तरी तिचा मेंदू चिंपांझीच्या मेंदूहून फारसा मोठा नव्हता. म्हणजे आधी पाय सरळ झाले, मग हात मोकळे झाले आणि मेंदूची मोठी वाढ त्यानंतरची. मोकळ्या हातांनी काय घडविले, ते पाहायचे तर भीमबेटकास जावे. नीमच येथे जन्मलेल्या विष्णु श्रीधर वाकणकरांनी १९५७ साली त्या शिलाश्रयांचा शोध लावला. चित्रे सर्वजण पाहतात. परंतु पुण्याच्या डेक्कन कॉलेजच्या वीरेंद्रनाथ मिश्रांनी तेथे उत्खनन केले, तेव्हा चित्रांहून कितीतरी जुनी दगडी हातकुऱ्हाडींसारखी हत्यारे मिळाली.

मात्र आकार म्हणजेच बुद्धी, असे समजू नये. निअँडरथल मानवाचा मेंदू आपल्याएवढाच, किंबहुना किंचित मोठा होता. उलट इंडोनेशियातील फ्लोरेस बेटावर २००३ साली सापडलेल्या ठेंगण्या मानवाचा मेंदू जेमतेम चिंपांझीएवढा. तरीही त्याच्या अवशेषांजवळ दगडी हत्यारे आढळली.

शिवाय मोठा मेंदू हा मोठा खर्चाचा पाहुणा आहे. शरीराच्या वजनात त्याचा वाटा अवघा दोन टक्के. पण विश्रांत शरीराच्या ऊर्जेपैकी सुमारे वीस टक्के तो एकटा घेतो. पाच वर्षांच्या आसपासच्या मुलात तर हा वाटा निम्म्याहून अधिक असतो. आणि हा मेंदू जन्मतः पुरा झालेला नसतो. चिंपांझीचे पिलू प्रौढ मेंदूच्या सुमारे चाळीस टक्के मेंदू घेऊन जन्मते, तर मानवाचे बालक जेमतेम तीस टक्के. उरलेली वाढ आईच्या कुशीत, आजीच्या गोष्टींत, घरातल्या बोलण्यात होते. आपले बालपण इतके लांब आहे, ते याचसाठी. मेंदू घडविण्याचे बरेचसे काम निसर्गाने घराकडे सोपविले आहे.

म्हणूनच प्रारंभीच्या प्रश्नाला महत्त्व आहे. एन.सी.ई.आर.टी.च्या दहावीच्या विज्ञानाच्या पुस्तकातून उत्क्रांतीचा भाग २०२३ मध्ये वगळण्यात आला. बारावीच्या जीवशास्त्रात तो ठेवला गेला. परंतु दहावीनंतर वाणिज्य वा कला शाखेकडे वळणाऱ्या मुलाची त्याच्याशी गाठ कशी पडावी? अशा मुलाला ‘हे मला कोणी सांगितलेच नाही’ असे म्हणण्याची पाळी येऊ नये.

परंपरेला यात बाध येईल, ही भीती पालकांनी बाळगू नये. ज्या घरात दशावतारांची कथा सांगितली जाते, त्याच घरात हथनोऱ्याच्या कवटीची हकीकतही सांगता येते. एकीने भक्तीचे संस्कार होतात, दुसरीने पुरावा तपासण्याची सवय लागते. येत्या सुटीत मुलांना भीमबेटकास न्यावे, वाटेत हे सारे आपल्या मराठीत समजावून सांगावे आणि त्यांनी पुढचा प्रश्न विचारला, तर उत्तर शोधावयास त्यांच्यासोबत बसावे.