सट्टेदाराचे वारस

जबलपूरच्या नेपियर टाउनमध्ये भंवरताल उद्यानाच्या आसपास दवाखाने, बँका, कार्यालये यांची दाटी आहे. त्यांच्या दारातला सुरक्षारक्षक आणि आत फरशी पुसणारी बाई जिथे राबतात, तिथल्या हजेरीपटावर बहुधा नसतात. गणवेश एजन्सीचा, पगारही एजन्सीकडून. निविदा बदलली की एजन्सी बदलते. माणूस तोच राहतो. उद्या ‘येऊ नकोस’ म्हटले तर त्याने जायचे कुठे? एजन्सी म्हणते, कंत्राट संपले. संस्था म्हणते, हा आमचा नव्हेच. नोकरी का गेली हा प्रश्न लवादापुढे नंतर येतो. आधी आपण नक्की कोणाचे नोकर होतो हे कामगारानेच सिद्ध करायचे असते. त्यात वर्षे जातात. हे ओझे कामगारावरून काढून मालकावर टाकल्याशिवाय कंत्राटी कामगारांच्या कायद्यांना अर्थ नाही.

या मुलखाला हा वाद जुना आहे. सागर, दमोह, जबलपूर हा विडीचा पट्टा. कारखानदार सट्टेदाराला तंबाखू देई, सट्टेदार माणसे लावून विड्या वळून आणी. सागरच्या एका कारखान्याचा खटला सर्वोच्च न्यायालयात पोहोचला आणि 1958 साली निकाल आला: सट्टेदार हा स्वतंत्र कंत्राटदार, त्याची माणसे कारखान्याचे कामगार नव्हेत. 1960 मध्ये याच न्यायालयाने नागपूरच्या विडी कामगारांना मात्र कामगार ठरवले, कारण ते कारखान्यात बसून काम करत, त्यांची हजेरी लागे आणि खराब विडी नाकारण्याचा हक्क मालकाकडे होता. पुढच्याच वर्षी महाराष्ट्रातल्या दुसऱ्या प्रकरणात, वेळेचे बंधन नाही म्हणून, विडी वळणारा पुन्हा कायद्याबाहेर गेला. न्यायमूर्ती सुब्बा राव यांनी त्याला असहमती नोंदवली. तंबाखू तोच, पान तेच, बोटेही तशीच. फरक काय तो बसण्याच्या जागेचा आणि घड्याळाचा.

संसदेने 1966 चा विडी व सिगार कामगार कायदा करून हा घोळ निस्तरला. घरी बसून वळणारी बाईही कामगार, आणि मध्ये कंत्राटदार असला तरी मुख्य मालकाला हात झटकता येणार नाहीत, असे त्याने ठरवले. अंमलबजावणीचे काय झाले, हे विडी वळणाऱ्या बायाच सांगतील. पण कोण कोणाचा, हे ठरवण्यासाठी प्रत्येकीने दिल्लीपर्यंत जाण्याची गरज उरली नाही.

इतर उद्योगांत मात्र गाडी उलट दिशेने गेली. 1970 च्या कंत्राटी कामगार कायद्याने सरकारला एखाद्या कामातली कंत्राटी पद्धत बंद करण्याचा अधिकार दिला. बंदीनंतर त्या माणसांचे काय, हे सांगितले नाही. 1996 मध्ये एअर इंडियाच्या प्रकरणात न्यायालयाने ती पोकळी भरली: बंदी आली की कामगार मुख्य मालकाचे. 2001 मध्ये पोलाद प्राधिकरणाच्या खटल्यात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने ते पुसून टाकले. आपोआप सामावणे नाही. कंत्राट निव्वळ बनावट असल्याचे औद्योगिक लवादापुढे सिद्ध झाले तरच. सर्वोच्च न्यायालयाच्याच 2014 च्या निकालाने कसोट्या घालून दिल्या: नेमणूक कोणी केली, पगार कोण देतो, काढण्याचा व शिस्तभंगाच्या कारवाईचा अधिकार कोणाचा, काम सलग होते का, नियंत्रण कोणाचे. कसोट्या वाजवी आहेत. पण त्यांचा एकूण एक कागद मालकाच्या नाहीतर कंत्राटदाराच्या कपाटात असतो. ज्याला नेमणूकपत्रच मिळाले नाही त्याने ते दाखवावे कुठून?

मुंबई महापालिकेचे उदाहरण ताजेच म्हणायचे. कचरा वाहतूक श्रमिक संघाच्या लढ्यात लवादाने 2014 मध्ये सुमारे 2,700 सफाई कामगारांना कायम करण्याचा आदेश दिला, सर्वोच्च न्यायालयाने तो 2017 मध्ये उचलून धरला. त्यानंतरही अनेकांचे हक्क यादीतल्या नावांच्या स्पेलिंगवर अडले. रोज शहर झाडणारा माणूस पालिकेला ओळखू येतो, त्याच्या नावातली वेलांटी नाही!

प्रत्येक कंत्राट लबाडीचे असते असे नव्हे. महिन्यातून एकदा येणारा लिफ्ट दुरुस्त करणारा दवाखान्याचा नोकर होत नाही. पण तीन एजन्सी बदलूनही त्याच दारात, त्याच साहेबाच्या हुकमाखाली उभा असलेला रक्षक वेगळा. 2025 च्या जानेवारीत गाझियाबाद महापालिकेच्या माळ्यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हाच धागा पकडला. कंत्राटदाराकडे बोट दाखवणाऱ्या पालिकेला त्याचा पुरावा देता आला नाही, आणि ती उणीव न्यायालयाने माळ्यांच्या नव्हे, पालिकेच्या खाती मांडली.

21 नोव्हेंबर 2025 पासून चार श्रमसंहिता लागू झाल्या. नेमणूकपत्र सर्वांना सक्तीचे झाले, हे स्वागतार्ह. मुख्य कामात कंत्राटी कामगार लावण्यास मनाई झाली. मात्र सफाई, सुरक्षा, उपाहारगृह ही कामे बहुतेक आस्थापनांत ‘मुख्य’ धरली जात नाहीत. शिवाय कंत्राटी कामगारांविषयीच्या तरतुदी लागू होण्याची मर्यादा 20 वरून 50 कामगारांवर गेली. नेपियर टाउनमधल्या बारा-पंधरा माणसे पुरवणाऱ्या एजन्सीपर्यंत त्या पूर्वीही पोहोचत नव्हत्या, आता आणखी दूर गेल्या.

नियम करण्याचा अधिकार राज्यांकडेही आहे. भोपाळ आणि मुंबईने त्यात एक कलम घालावे: कामगाराने दावा दाखल करताच मुख्य मालकाने पहिल्याच तारखेला निविदा, कंत्राट, प्रवेशद्वारावरची नोंदवही आणि भविष्यनिर्वाह निधीची चलने लवादापुढे ठेवावीत. ठेवली नाहीत, तर नोकरी मालकाचीच होती असे गृहीत धरावे आणि उलट सिद्ध करण्याची जबाबदारी त्याच्यावर टाकावी.