क्लिओ: मुलाचे की मुलीचे?

या वेळचे नाव एका पत्रातून आले आहे. बंगळूरला राहणाऱ्या एका वाचकाने लिहिले आहे की त्यांच्या घरात मराठी आणि मल्याळम अशा दोन भाषा आहेत, बायकोला सातवा महिना लागला आहे आणि दोन्हीकडच्या आज्यांना सहज म्हणता येईल असे लहानसे नाव हवे आहे. मुलगा की मुलगी हे आपल्याकडे आधी कळू नये असा १९९४ चा कायदाच आहे. तेव्हा नाव दोघांनाही चालणारे हवे. नवराबायकोला 'क्लिओ' आवडले आहे. नावांच्या यादीत त्यापुढे 'ग्रीक, युनिसेक्स, अर्थ: कीर्ती' एवढेच लिहिलेले सापडले. घोडे अडले ते बाळाच्या आत्याबाईंपाशी. त्यांचे म्हणणे असे: "कुर्र करून कानात नाव मी सांगणार. कुठल्या तरी साप चावलेल्या राणीचे नाव मी माझ्या भाच्याच्या कानात सांगू?"

आत्याबाईंचा मुद्दा हसण्यावारी नेण्यासारखा नाही. नाव सांगणाऱ्याला ते आपले वाटले पाहिजे. म्हणून आज जरा मुळापर्यंत जाऊ.

आधी त्या यादीतली एक चूक. क्लिओ हे नाव ग्रीक आहे, पण ग्रीसमध्ये ते मुला-मुलींचे समाईक नाव नाही. ग्रीक भाषेत मराठीसारखीच तीन लिंगे आहेत आणि नावाच्या शेवटावरून बाई की पुरुष ते बहुधा कळते. तिथे शेवटी लांब 'ओ' असलेली नावे बायकांची असतात. कवयित्री साफो, ओडिसियसला बेटावर अडकवून ठेवणारी कॅलिप्सो, तशीच क्लिओ. आपल्या कानाला नेमके उलटे वाटते. खंडो बल्लाळ, नारो शंकर, आपला विठो: मराठीत ओकारान्त नाव म्हणजे पुरुष. क्लिओ ऐकून तुमच्या काकांनी "मुलगा का?" असे विचारले, तर त्यात नवल नाही.

मग ते दोघांचे कसे झाले? लघुरूपामुळे. 'क्लिओ'ने सुरू होणारी ग्रीक नावे भरपूर होती, पुरुषांची आणि स्त्रियांचीही. अथेन्सचा पुढारी क्लिओन होता. ग्रीकांच्या सात शहाण्यांमध्ये गणला जाणारा लिंडोसचा क्लिओबुलोस होता, आणि त्याची मुलगी क्लिओबुलिना पद्यात कोडी रचण्यासाठी प्रसिद्ध होती. बायबलमध्ये लूकच्या शुभवर्तमानात एम्माउस गावाच्या वाटेवर येशू भेटतो, तो शिष्य क्लिओपास. ही नावे युरोप-अमेरिकेत गेली, हाक मारताना तोडली गेली, आणि सगळ्यांचे पुढचे टोक एकच उरले. म्हणून अमेरिकेत लुइझियानाचे राजकारणी क्लिओ फील्ड्स पुरुष आहेत आणि इंग्लंडची नामवंत जॅझ गायिका क्लिओ लेन स्त्री होती. आल्फोन्सो क्वारोन यांच्या २०१८ च्या 'रोमा' चित्रपटात घरकाम करणाऱ्या, साऱ्या घराचा आधार असलेल्या मुलीचे नाव क्लिओ आहे. डिस्नेच्या १९४० च्या 'पिनोकिओ'मधला सोनेरी मासाही क्लिओच. शाळेत कोणी चिडवलेच तर मासा पुढे करावा, राणीपेक्षा बरा.

आता अर्थ. मूळ शब्द 'क्लेओस'. त्याचे भाषांतर 'कीर्ती' करतात आणि ते बरोबर आहे, पण त्यात शब्दाचा जीव येत नाही. ग्रीकमध्ये 'ऐकणे' या अर्थाचा जो धातू आहे, त्यावरून क्लेओस झाला. तुमच्याबद्दल लोक जे सांगतात आणि दुसरे जे ऐकतात, ते तुमचे क्लेओस. फोटो, फॉलोअर, पाटी यांचा त्याच्याशी संबंध नाही. कानावर येते तेवढेच.

आणि इथेच आत्याबाईंनी कान द्यावा, कारण हा शब्द आपल्या घरातला आहे. संस्कृतात 'श्रु' म्हणजे ऐकणे. त्यावरून श्रवण, श्रोता, श्रुती, विश्रुत. त्यावरूनच वेदांतला 'श्रवस्' शब्द, म्हणजे कीर्ती. क्लेओस आणि श्रवस् ही एकाच प्राचीन शब्दाची दोन रूपे आहेत. पटत नसेल तर दोन्ही भाषांतले आकडे शेजारी ठेवून पाहा. ग्रीक 'देका', संस्कृत 'दश'. ग्रीक 'हेकातोन', संस्कृत 'शत'. तिकडे क, इकडे श. तसेच तिकडे कधी ल तर इकडे र: लांडग्याला ग्रीकमध्ये 'लूकोस', संस्कृतात 'वृक'. राहिला व. तो ग्रीकमध्ये पूर्वी होता, 'क्लेवोस' असा, पुढे गळून पडला. सगळे जुळवा, श्रवस् हाती येते.

नुसता शब्द नाही, तर शब्दांची जोडीही दोन्हीकडे सापडते. होमरच्या इलियडमध्ये कीर्तीला 'कधी न झिजणारी' असे विशेषण आहे, आणि ऋग्वेदात श्रवस् या शब्दाला 'अक्षित', म्हणजे तेच विशेषण. आडाल्बर्ट कुन या जर्मन अभ्यासकाने १८५३ साली ही जोडी दाखवून दिली. तेव्हापासून भाषाशास्त्राच्या वर्गात ती आवर्जून शिकवली जाते.

नावांतही हेच. महाभारतातला भूरिश्रवा आठवा: भूरि म्हणजे पुष्कळ, पुष्कळ कीर्तीचा. ऋग्वेदात सुश्रवा नावाचा राजा आहे. आपला 'सु' तो ग्रीकांचा 'एउ', म्हणून सुश्रवाचा ग्रीक भाऊ म्हणजे युक्लीस. मॅरेथॉनच्या लढाईनंतर विजयाची बातमी घेऊन अथेन्सपर्यंत धावत आलेल्या आणि तिथेच कोसळलेल्या माणसाचे नाव, प्लुटार्क म्हणतो, बहुतेकांच्या मते युक्लीस होते. म्हणजे मॅरेथॉन पळणाऱ्यांचा मूळपुरुष आपल्या भाषेत सुश्रवा! (इंग्रजी 'लाउड' हाही याच कुळातला, आपल्या 'श्रुत'चा सख्खा. रशियन 'यारोस्लाव'मधले 'स्लाव'ही. पण हे कुळ सांगत बसलो तर बारसे पुढच्या महिन्यात जाईल.)

आता त्या राणीकडे वळू, कारण तिला टाळून चालणार नाही. क्लिओपात्रा म्हणजे क्लेओस अधिक 'पातेर', पातेर म्हणजे पितृ. पित्याची कीर्ती. इजिप्तची प्रसिद्ध क्लिओपात्रा इसवी सनपूर्व ३० मध्ये वारली. ती सातवी होती, म्हणजे घराण्यात हे नाव पूर्वापार चालत आले होते. घराणे मूळचे मॅसेडोनियाचे, ग्रीक बोलणारे. अलेक्झांडरच्या सख्ख्या बहिणीचे नावही क्लिओपात्राच. इसवी सनपूर्व ३३६ मध्ये तिच्याच लग्नाच्या सोहळ्यात त्यांच्या बापाचा, फिलिपचा, खून झाला. तेव्हा साप चावलेली एकच राणी या नावावर हक्क सांगू शकत नाही.

मला जास्त आवडते ती इलियडमधली क्लिओपात्रा. नवव्या सर्गात अकिलीसला एक जुनी गोष्ट सांगतात: मेलिआगर नावाचा वीर रागावून लढाई सोडून घरी बसला, कोणाचेच ऐकेना, शेवटी बायकोच्या विनवणीने उठला. ती बायको क्लिओपात्रा. आणि अकिलीस स्वतः कोणामुळे हलतो? मित्र पात्रोक्लोसमुळे. दोन्ही नावे नीट बघा. क्लिओ-पात्रा, पात्रो-क्लोस. तेच दोन शब्द, फक्त जागा बदललेल्या. एक बाईचे नाव, एक पुरुषाचे. क्लिओ या तुकड्याला मुळात मुलगा-मुलगी काही नव्हते. ते ठरत होते शेवटावर.

आणखी एक क्लिओ आहे, खरी पूर्ण नावाची. ग्रीकांच्या नऊ कलादेवतांपैकी एक, पुढे इतिहासाची देवता मानली गेलेली. तिची आई म्नेमोसिनी, म्हणजे स्मृती. स्मृतीची मुलगी श्रुती, असे मी स्वतःशीच म्हणते. आपल्याकडे या दोन शब्दांना वेगळे आणि फार मोठे अर्थ आहेत, पण घरात सांगायला हे नाते गोड आहे. हिरोडोटसच्या इतिहासाचे नऊ भाग नंतरच्या लोकांनी नऊ देवतांच्या नावाने ओळखायला सुरुवात केली, त्यात पहिला भाग क्लिओचा.

"पण आपल्याकडे हे नाव कधी होते का?" हा प्रश्न येणारच. होते, आणि नाण्यांवर होते. इसवी सनपूर्व १८० च्या सुमारास बॅक्ट्रियात, आजच्या अफगाणिस्तानात, अगाथोक्लीस नावाचा ग्रीक राजा होऊन गेला. अगाथोस म्हणजे चांगला, म्हणजे नाव झाले सुकीर्ती. १९७० साली ऐ-खानुम इथल्या उत्खननात त्याची चांदीची नाणी सापडली. एका बाजूला बलराम, दुसऱ्या बाजूला वासुदेव. एका बाजूची अक्षरे ग्रीक, दुसऱ्या बाजूची ब्राह्मी. ग्रीक 'क्लेओस' असा ब्राह्मी अक्षरांत उतरला, आणि शेजारी वासुदेव! त्यानंतर काही काळाने त्याच नावाची राणी येते, अगाथोक्लिया. तिचीही नाणी आहेत. 'मिलिंदपञ्हो'तला मिलिंद, म्हणजे राजा मिनँडर, याची ती विधवा असावी असे अनेक अभ्यासक मानतात. राजाचे नाव अगाथोक्लीस, राणीचे अगाथोक्लिया. पुन्हा तेच, शेवट बदलला की झाले.

उलटी ये-जाही होती. नाशिकच्या पांडवलेण्यातले सतरा क्रमांकाचे लेणे ज्याने खोदवले, तो स्वतःला योनक म्हणवतो, म्हणजे ग्रीक. दत्तामित्री गावचा, उत्तरेकडचा. त्याचे नाव इंद्राग्निदत्त आणि बापाचे धर्मदेव. दोन हजार वर्षांपूर्वी ग्रीक कुळातल्या कोणा घरात मुलाला इंद्राग्निदत्त म्हणताना कोणत्या आत्याने नाक मुरडले असेल, कोण जाणे.

एका गोष्टीचा विचार मात्र कराच. इलियडमध्ये अकिलीससमोर दोन वाटा आहेत: लढलास तर अल्पायुष्य आणि अमर क्लेओस, घरी परतलास तर दीर्घायुष्य, पण क्लेओस नाही. तो पहिली वाट घेतो. पुढे ओडिसीमध्ये मृतांच्या लोकात तो भेटतो तेव्हा म्हणतो की इथे राजा होण्यापेक्षा जिवंतपणी एखाद्या गरिबाकडे राबणे परवडले. आई-बाप म्हणून मला हा दुसरा अकिलीस जवळचा वाटतो. क्लिओ नाव ठेवा, पण अर्थ सांगताना 'प्रसिद्ध होशील' असे सांगू नका. 'ज्याच्याबद्दल चांगले ऐकू येते तो' किंवा 'ती', एवढेच सांगा. पेलायला हलके आहे.

परकेच वाटत असेल, तर तोच अर्थ आणि तीच सोय देणारे देशी नाव आहे: कीर्ती. १९८३ च्या विश्वचषक संघातले कीर्ती आझाद, आणि दक्षिणेतली अभिनेत्री कीर्ती सुरेश. महाराष्ट्रात हे नाव मुलीचेच समजतात, तुमच्या बंगळुरात तशी अडचण येणार नाही. श्रुती मात्र मुलीपुरतेच राहते. कागदावर क्लिओ आणि पाळण्यात कीर्ती, हाही मार्ग आहे. अनेक घरांत दोन नावे असतातच.

व्यवहाराचे थोडके. देवनागरीत 'क्लिओ' लिहायचे की 'क्लियो' हे आधी ठरवा आणि जन्मदाखल्यापासून सगळीकडे तेच ठेवा. मी 'क्लिओ' लिहीन. हिंदी शाळेत शिक्षक 'क्लियो' करतील, तेव्हा लगेच सांगा. नाव ठरले नसले तरी जन्माची नोंद अडत नाही, नाव नंतर भरता येते, तेव्हा दवाखान्याच्या खिडकीपाशी घाईने काही लिहून देऊ नका. रास पाहणाऱ्यांसाठी: 'क' अक्षर मिथुन राशीत येते, आणि मिथुन म्हणजे जोडपे. दोघांच्या नावाला ही रास मिळाली, छान झाले. आडनाव 'क'ने सुरू होत असेल, कुलकर्णी, कांबळे किंवा कुरूप, तर नाव-आडनाव दहा वेळा भरभर म्हणून बघा. जीभ अडखळली तर हजेरीतही अडखळेल.

राहिले मराठी क्रियापद. नावावरून कळले नाही तरी मराठीत ते लपत नाही: क्लिओ आला, क्लिओ आली. पण आत्याबाईंना हाक मारून बघायला सांगा, स्वयंपाकघरातून, बाहेर अंगणात खेळणाऱ्या मुलाला मारतात तशी. "क्लिओ, चल, जेवायला ये." यात मुलगा आहे की मुलगी, हे मराठीलाही सांगता येत नाही.