हट्ट ज्याचा, फडके त्याच्या हाती



गेल्या पावसाळ्यात आमच्या दिवाणखान्यातील नव्या फरशीचे सांधे फुगले आणि घरात ठराव झाला : मोतीला बाहेर सोडून या. मोती हे आमचे पाच महिन्यांचे कुत्र्याचे पिल्लू. सातवीतल्या ज्या चिरंजीवांनी हट्ट करून ते आणले होते, ते खाली मान घालून गप्प बसले. ठरावाला माझाही पाठिंबा होता, हे कबूल करतो.

सुताराने फळी उचलली तेव्हा खरा प्रकार कळला. मोतीचा डाग होता हाताएवढा. पण फळ्या फुगल्या होत्या खोलीभर. रोज बादलीभर फिनेलचे पाणी ओतून पुसणारे आम्हीच होतो!

सिल्वासातील नव्या फ्लॅटांमधून दिसणारी ही लॅमिनेटची फरशी अखंड लाकडाची नसते. लाकडाचे तंतू दाबून केलेली फळी, तिच्यावर लाकडाचे चित्र छापलेला कागद आणि वर कडक पारदर्शक थर, अशी तिची रचना असते. सांध्यातून ओल आत शिरली की तंतू फुगतात आणि ते सहसा पूर्ववत होत नाहीत. त्यात आपला पावसाळा. सांध्यात गेलेली ओल लवकर सुकतही नाही.

म्हणून लघवी दिसताच कोरडे फडके दाबून ती टिपावी, घासू नये. मग साबणाच्या पाण्यात बुडवून घट्ट पिळलेल्या फडक्याने पुसावे, लगेच कोरडे करावे व पंखा लावावा. वास उरला तर पाळीव प्राण्यांसाठी मिळणारे एन्झाइमयुक्त द्रावण फडक्यावर घेऊन वापरावे. वास राहिला की पिल्लू पुन्हा तीच जागा शोधते. ब्लीच मात्र कधीही टाकू नये. लघवीतील अमोनियाशी मिळून त्यापासून घातक वायू तयार होतो. काळे फिनेलही टाळावे. मांजरांना ते विशेष बाधते.

आणखी एक गोष्ट. दक्षिण गुजरातेत आणि आपल्या भागात पावसाळ्यात लेप्टोस्पायरोसिसचे रुग्ण आढळतात. उंदरांप्रमाणेच कुत्र्यांच्या लघवीतूनही त्याचे जंतू पसरू शकतात. तेव्हा रबरी हातमोजे घालावेत, नंतर हात साबणाने धुवावेत आणि कुत्र्याला वेळेवर लस टोचून घ्यावी.

आता मुद्द्याचे. बहुतेक घरांत पिल्लू मुलांचे असते आणि पुसणे मात्र आईचे किंवा कामवाल्या बाईंचे. हे मला पटत नाही. ज्याने हट्ट केला त्यानेच, आईवडिलांच्या देखरेखीखाली, फडके हाती घ्यावे. झोपून उठल्यावर आणि जेवणानंतर पिल्लाला बाहेर न्यावे. मारल्याने ते शिकत नाही, फक्त सोफ्यामागे लपून लघवी करायला लागते.

आणि पालकहो, फरशीपायी मुका जीव रस्त्यावर सोडू नका. उपासमार होईल अशा स्थितीत प्राण्याला विनाकारण टाकून देणे हा 1960 च्या प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायद्यानुसार गुन्हा आहे. त्याहून मोठी गोष्ट म्हणजे, अडचण झाली की जबाबदारी झटकायची, हा धडा मुले घरातच शिकतात.

आमच्याकडे तीन फळ्या बदलल्या. मोती घरीच आहे. फडके दाराच्या खुंटीवर असते आणि ते काढायला चिरंजीवांना आता हाक मारावी लागत नाही.

— एक पालक