पडद्यावरचा पसारा आणि मराठीचे सामान्यरूप

समाजमाध्यमांच्या पानावरील नको असलेला पसारा कसा लपवावा, हा प्रश्न भाषाविषयक लेखांत कशासाठी, असे काही वाचकांना वाटेल. तो यंत्रज्ञांचा विषय आहे, असा सर्वसाधारण समज आहे. आमचे मत निराळे आहे. राज्याच्या सीमेपलीकडे राहणाऱ्या मराठी माणसापुरता तरी तो प्रथम भाषेचा प्रश्न आहे; आणि तो सोडविण्यासाठी जी साधने आज उपलब्ध आहेत, ती घडविताना मराठीच्या व्याकरणाचा विचार झालेला नाही.

आमचे बहादरपूर बऱ्हाणपूर शहराला लागून आहे. रावेर आणि भुसावळ आम्हाला भोपाळहून कितीतरी जवळ. सोयरिकी तिकडच्या, बाजार तिकडचा, बोलीचा हेलही तिकडचा. १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांची पुनर्रचना झाली तेव्हा विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात गेले आणि निमाड मध्य प्रदेशात राहिला. शाळा, कचेरी आणि रस्त्यावरची पाटी यांची भाषा त्यानंतर हिंदीच राहिली. मराठी घरात उरली, लग्नपत्रिकेत उरली, कीर्तनात उरली. हाती मोबाइल आला तेव्हा अनेकांना वाटले की आता ही सीमा निदान पडद्यावर तरी पुसली जाईल. काही अंशी ते खरेही झाले. जळगावची मावशी, पुण्याला नोकरीस गेलेला पुतण्या आणि बहादरपुरातले आजोबा एकाच पानावर मराठीत बोलू लागले.

पण ते पान आता त्यांचे राहिलेले नाही. फेसबुकने २००६ साली मित्रांच्या नोंदी एकत्र दाखविणारी धारा सुरू केली. त्यानंतरच्या वर्षांत त्या धारेत जाहिराती आल्या, न मागितलेल्या शिफारशी आल्या, छोट्या चित्रफितींच्या पट्ट्या आल्या, ‘तुम्ही यांना ओळखत असाल’ अशा अनोळखी चेहऱ्यांच्या रांगा आल्या, आणि प्रत्येक कोपऱ्यात लाल ठिपके आले. जाहिराती दाखविताना वापरणारा कोठे आहे हे पाहिले जाते, हे या कंपन्या स्वतःच सांगतात. बऱ्हाणपुरात बसलेल्या माणसासाठी त्याचा अर्थ सरळ आहे: त्याने निवडलेली माणसे मराठीत लिहितात, आणि त्याच्यावर लादलेला पसारा हिंदीत किंवा इंग्रजीत येतो. पसारा जितका वाढेल तितकी मराठी खाली ढकलली जाते. रावेरला कोणी निवर्तल्याची नोंद उत्तरकार्याचा दिवस उलटून गेल्यावर डोळ्यांसमोर यावी, अशी ही व्यवस्था आहे. पुण्यात राहणाऱ्याला आजूबाजूला मराठी मिळण्याचे दहा मार्ग असतात; आमच्याकडील पंधरा-सोळा वर्षांच्या मुलासाठी मराठी अक्षरे नियमित दिसण्याचे हेच एक ठिकाण उरले आहे.

हिंदीविषयी आमची तक्रार नाही. ती आम्ही रोज बोलतो आणि तिच्यावर आमची पोटे चालतात. आमच्या शहराच्या जामा मशिदीत फारुकी राजवटीने अरबीबरोबर संस्कृत शिलालेखही कोरविला आहे. एका भिंतीवर दोन भाषा सुखाने नांदू शकतात हे बऱ्हाणपूरकराला कोणी शिकविण्याची आवश्यकता नाही. आक्षेप आहे तो, कोणती भाषा वर आणि कोणती खाली हे वाचकाने ठरवू नये, या योजनेला.

लपविण्याचे जे उपाय संकेतस्थळांनीच दिले आहेत, ते आधी थोडक्यात पाहू. फेसबुकच्या सूचीत जुलै २०२२ पासून धारांचे एक वेगळे दालन आहे. तेथे मित्र, गट आणि पाने यांच्या नोंदी काळाच्या क्रमाने दिसतात. तीसपर्यंत माणसे वा पाने आवडती म्हणून निवडता येतात. एखाद्याला तीस दिवस गप्प ठेवता येते, किंवा मैत्री न तोडता त्याच्या नोंदी बंद करता येतात. भाषेच्या सेटिंगमध्ये तर स्वतंत्र कप्पे आहेत: पानाची भाषा कोणती, भाषांतर कोणत्या भाषेत हवे, आणि कोणत्या भाषांचे भाषांतर मुळीच नको. या शेवटच्या कप्प्यात मराठी आणि हिंदी दोन्ही नोंदवाव्यात, असा आमचा आग्रह आहे. दोन्ही भाषा एकाच लिपीत लिहिल्या जातात, त्यामुळे लहान वाक्य कोणत्या भाषेतले हे यंत्राला नेमके कळतेच असे नाही. ‘आई’ हा शब्द हिंदी म्हणून वाचला तर ती आई राहत नाही, ‘आली’ हे क्रियापद होते. ‘शिक्षा’ हिंदीत शिक्षण, आपल्याकडे दंड. ‘संशोधन’ तिकडे दुरुस्ती, इकडे शोधकार्य. ‘चेष्टा’ तिकडे प्रयत्न, इकडे थट्टा. घरच्या माणसाने घरच्या माणसाला लिहिलेल्या मजकुरात अशा मध्यस्थाला काहीही काम नाही.

हे उपाय मात्र खोल पुरून ठेवलेले आहेत, आणि त्यांनी जाहिराती व शिफारशी पूर्ण हटत नाहीत. म्हणून लोक ब्राउझरला जोडण्याच्या साधनांकडे वळतात. त्यांचे तत्त्व साधे आहे. पान म्हणजे एकमेकांत बसविलेल्या चौकटींचा समूह. साधन त्यातील नको ती चौकट ओळखते आणि ती दाखवू नकोस असे ब्राउझरला सांगते. संकेतस्थळाच्या यंत्रात काहीही बदलत नाही. बदलते ते फक्त आपल्या डोळ्यांसमोरचे. वर्तमानपत्रात आलेले जाहिरातीचे पत्रक वाचक बाजूला काढून ठेवतो, त्यापेक्षा यात अधिक काही नाही. नेपानगरच्या कागदावर छापलेली वृत्तपत्रे वाचून आमच्या पिढ्या वाढल्या. कोणते पान आधी उघडावे याची परवानगी त्यांनी कोणाकडे मागितली नव्हती.

अडचण सुरू होते ती ओळखण्यापाशी. चौकट ओळखायची तर तिच्यावरचे शब्द ओळखावे लागतात. अशी अनेक साधने पानावरची इंग्रजी लेबले पाहून चालतात. जाहिरात असे दर्शविणारा इंग्रजी शब्द साधनांना सापडू नये म्हणून फेसबुकने त्याची अक्षरे सुटी करून मधे अदृश्य अक्षरे पेरल्याचे हे साधनकर्ते अनेक वर्षे पाहत आले आहेत. मग साधनकर्त्यांनी त्यावर तोड काढायची, पुन्हा तिकडून बदल, असा हा खेळ चालतो. त्या खेळात मराठी कोठेच नाही. परिणाम असा की ज्याने अभिमानाने पानाची भाषा मराठी केली, त्याच्याकडे साधन अर्धेमुर्धे चालते, आणि स्वच्छ पान हवे असणाऱ्याला पानाची भाषा इंग्रजी करून घेण्याचा सल्ला मिळतो. पसारा घालविण्याची किंमत म्हणून मराठी सोडायची, हा सौदा आम्हाला मान्य नाही.

याहून मोठी अडचण शब्द गाळण्याच्या याद्यांची आहे, आणि तिच्याकडे भाषेच्या अभ्यासकांचेही लक्ष गेलेले नाही. अनेक माध्यमांवर आणि साधनांत ‘हे शब्द असलेला मजकूर मला दाखवू नका’ अशी सोय असते. इन्स्टाग्रामने ती २०२१ साली संदेशांसाठी दिली. ही सोय दोन रीतींनी चालू शकते: पूर्ण शब्द जुळवून, किंवा शब्दाचा तुकडा जुळवून. इंग्रजीत पहिली रीत बऱ्यापैकी भागते, कारण तेथे शब्दाला फारसे विकार होत नाहीत. हिंदीतही पुष्कळदा भागते, कारण ‘कर्ज का’, ‘कर्ज के लिए’ यांत शब्द सुटा राहतो. मराठीत तो सुटा राहत नाही. ‘कर्ज’ हा शब्द यादीत घातला तरी ‘कर्जाचे’, ‘कर्जाला’, ‘कर्जासाठी’, ‘कर्जावरील’ हे सारे मोकळे सुटतात. प्रत्यय आणि शब्दयोगी अव्यये जोडून लिहिण्याची आपली पद्धत, आणि त्याआधी शब्दाचे होणारे सामान्यरूप, यांनी एका शब्दाची पंचवीस-तीस रूपे सहज होतात.

मग तुकडा जुळवावा म्हटले, तर दुसरे संकट उभे राहते. जुगाराच्या जाहिरातींना कंटाळून कोणी ‘सट्टा’ हा तुकडा यादीत घातला, तर ‘सट्ट्यात’ आणि ‘सट्ट्याचा’ त्यात सापडत नाहीत, कारण तेथे मूळ आकारच बदलला आहे. उलट कोणी करवसुलीच्या राजकारणाला विटून ‘कर’ घातला, तर ‘करतो’, ‘करून’, ‘भाकर’, ‘शंकर’ हे सर्व पडद्यावरून नाहीसे होतात, आणि त्यांच्याबरोबर महाराष्ट्रातील सगळी करान्त आडनावे. खाजगी सावकारी ॲपच्या जाहिराती नकोत म्हणून ‘कर्ज’ हा तुकडा लपविणाऱ्या शेतकऱ्याला कर्जमाफीची बातमीही दिसणार नाही. केळीचा भाव पडला त्या वर्षी असे झाले तर त्याचे मोल त्याला चांगलेच कळेल.

लिपीचाही गुंता आहे, आणि तो तर आमच्या शहराच्या नावातच बसला आहे. ‘बऱ्हाणपूर’ मधील अर्धा ऱ संगणकावर दोन प्रकारे टंकता येतो: खाली टिंब असलेल्या ‘ऱ’ला हलन्त जोडून, किंवा साध्या ‘र’ला हलन्त आणि त्यापुढे एक अदृश्य जोडचिन्ह देऊन. डोळ्यांना दोन्ही सारखेच दिसतात. यंत्राच्या लेखी ते दोन भिन्न शब्द आहेत. त्यात हिंदीचे ‘बुरहानपुर’ आले, आणि ‘पुर’ ऱ्हस्व की दीर्घ हा भेद आला. आमच्या गावाचे नाव सरकारी पाटीवर ‘बहादरपुर’ आहे, आम्ही ‘बहादरपूर’ लिहितो. गावाच्या बातम्या निवडून वर आणायच्या असोत की लपवायच्या असोत, एक रूप देऊन भागत नाही.

यावर तोडगा अशक्य नाही. मराठीच्या रूपावळीचे नियम शतकाहून अधिक काळ व्याकरणाच्या पुस्तकांत मांडलेले आहेत. शब्द दिला की त्याची सर्व रूपे काढून देणारी छोटी आज्ञावली महाविद्यालयातील विद्यार्थीही लिहू शकेल. मराठीला ३ ऑक्टोबर २०२४ रोजी अभिजात भाषेचा दर्जा मिळाला. त्या निमित्ताने जी व्याख्याने झाली त्यांतील थोडी शक्ती या कामाकडे वळली असती तर सीमेवरच्या मराठी माणसाचा अधिक लाभ झाला असता, असे आम्हास स्पष्टपणे वाटते.

मात्र केवळ साधने पुरेशी नाहीत, कारण साधन कधीही बंद पाडले जाऊ शकते. लुई बार्क्ले या ब्रिटिश तंत्रज्ञाने फेसबुकवरील सर्व मित्र आणि पाने यांच्या नोंदी एकदम बंद करून धारा रिकामी करणारे साधन केले होते. २०२१ साली कंपनीने त्याला कायदेशीर इशारा धाडला, त्याचे खाते कायमचे बंद केले, आणि त्याला ते साधन मागे घ्यावे लागले. असेच साधन नव्याने करू इच्छिणारे अमेरिकन प्राध्यापक ईथन झुकरमन यांनी मे २०२४ मध्ये न्यायालयात आधीच संरक्षण मागितले. साधन अद्याप तयार नसल्याने प्रकरण अकाली ठरून त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये निकालात निघाले. युरोपीय संघाच्या २०२२ च्या डिजिटल सेवा कायद्याने मात्र मोठ्या माध्यमांवर बंधन घातले की वापरणाऱ्याच्या वर्तनाच्या नोंदींवर न आधारलेला एक तरी पर्याय त्याला द्यावा. आपल्याकडे केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने ३० नोव्हेंबर २०२३ रोजी तेरा फसव्या रचनांची यादी अधिसूचित केली. पुन्हा पुन्हा टोचणी लावणे, जाहिरातीला बातमीचे सोंग देणे, हवी ती माहिती झाकून नको ती ठळक करणे, या तिन्ही गोष्टी त्या यादीत आहेत. परंतु धारा निवडण्याचा हक्क तीत नाही, आणि भाषेचा उल्लेखही नाही.

घटनेच्या ३५० क आणि ३५० ख या अनुच्छेदांनी भाषिक अल्पसंख्याकांना मातृभाषेतील प्राथमिक शिक्षणाचे आणि त्यांच्या हितरक्षणासाठी विशेष अधिकाऱ्याचे आश्वासन दिले, ते १९५६ साली. त्या वेळी भाषा शाळेत आणि कचेरीत जगत वा मरत होती. आज ती मुलाच्या हातातील पडद्यावरही जगते वा मरते, आणि त्या पडद्यावर कोणत्याही राज्य सरकारची सत्ता नाही. म्हणून आमची मागणी केंद्राकडे आहे: फसव्या रचनांच्या नियमांत दुरुस्ती करून, आपण निवडलेल्या माणसांचे लेखन आपण निवडलेल्या भाषेत, काळाच्या क्रमाने पाहण्याचा पर्याय पहिल्याच पानावर देणे बंधनकारक करावे. आणि लपविण्याच्या सर्व सूचना समजेल अशा मराठीत असाव्यात. ‘स्नूझ’ या शब्दाने बहादरपुरातल्या आजोबांना काहीही बोध होत नाही. ‘तीस दिवस दाखवू नका’ याने होतो.

एक अडचण मान्य करावीच लागेल. ब्राउझरची ही साधने संगणकावर चालतात, आणि आमच्याकडे बहुतेकांपाशी फक्त मोबाइल आहे. ॲपच्या आत या साधनांनी काहीही लपविता येत नाही. त्यावर सध्या एवढेच करता येते की ॲप काढून टाकून तेच संकेतस्थळ मोबाइलच्या ब्राउझरमधून उघडावे. अँड्रॉइडवरील फायरफॉक्समध्ये अशी साधने जोडता येतात. थोडे संथ चालते, पण चालते.

दरम्यान शब्दांच्या याद्या आपण सीमाभागातील लोकांनीच करण्यास हरकत नाही. बेळगाव, बिदर, आदिलाबाद, छिंदवाडा येथील वाचकांनी आपापल्या पडद्यावर त्रास देणारे शब्द टिपून ठेवावेत. टिपताना मूळ रूप आणि सामान्यरूप दोन्ही लिहावीत, जसे ‘सट्टा, सट्ट्या’, आणि चारहून कमी अक्षरांचा शब्द लपविण्याच्या यादीत शक्यतो घालूच नये. गावांची नावे मात्र वेगळ्या, राखून ठेवावयाच्या यादीत असावीत: बऱ्हाणपूर दोन्ही टंकनांत, बुऱ्हाणपूर, बुरहानपुर, बहादरपूर, बहादरपुर.